नारूचा सिनेमावाला

अंकुशरावांना लहानपणापासून किळस फार. दुधावरची साय बोटाला लागली तरी तीनदा हात धुणार. नेमक्या अशा माणसाच्या हाती निजाम सरकारच्या आरोग्य खात्यानं कॅमेरा दिला, गुलबर्ग्याला धाडलं आणि रयतेला शहाणं करणारे सिनेमे काढायला सांगितलं. पहिला माशांचा. दुसरा खरजेचा. तिसरा प्लेगचा, त्यात उंदीर शंभर आणि माणसं दोन.

"लोक राजाराणीचे शिनेमे काढतेत," त्यांच्या पत्नी वच्छलाबाई शेजारणीला सांगायच्या, "आमचं माणूस मेलेले उंदरं काढायलंय. अन् जेवायला बसलं की ताटातलं वांगंबी उलटंपालटं करून बघतंय."

चौथा सिनेमा नारूचा. आळंदच्या बाजूच्या एका खेड्यात पायऱ्यांची विहीर होती. बाया घोटाभर पाण्यात उतरून घागरी भरायच्या, आणि ज्याच्या पायातून नारू निघत असेल तोही आग थंड करायला तिथंच पाय सोडून बसायचा. नारूची पिलं पाण्यात, पाणी घागरीत, घागर पोटात. वर्षानं पायाला फोड आणि फोडातून पांढरा, जिवंत दोरा!

पिराप्पा मेंढपाळानं आपला नारू काडीला गुंडाळत, रोज सहा बोटं, आठ दिवस कॅमेऱ्यासमोर ओढला. अंकुशराव एका हातानं कॅमेऱ्याचा दांडा फिरवत, दुसऱ्यानं नाक धरत. आठवड्यात नारू दोन हात बाहेर आला आणि अंकुशरावांचा सदरा दोन बोटं ढिला झाला. प्यायला पाणी ते गुलबर्ग्याहून आणलेल्या सुरईतलंच घ्यायचे. मनात एकच होतं: एवढं एक गाव पाणी गाळून प्यायला लागलं, तर पोटात ढवळलेलं सगळं कारणी लागलं.

महिन्याभरानं सिनेमा घेऊन ते परत आले. दिवेलागणीला देवळाच्या भिंतीवर दाराएवढा पाय उमटला.

"आरं, पिराप्पाचा पाय!" सगळं गाव ओरडलं. पिराप्पानं उठून अस्सल पायही दाखवला. नारू पुरता बाहेर आला तेव्हा तर टाळ्या पडल्या.

"काय समजलं?" घसा खाकरून अंकुशरावांनी विचारलं.

"पिराप्पाचा नारू लई लांब हाय. सायब, आनखी एकदा लावा की!"

तेवढ्यात पिराप्पाची आई बाणूबाई गूळ-पाणी घेऊन आली. पाणी त्याच विहिरीचं.

"नको अक्का, तहान नाही."

"मागं आठ दिस ऱ्हायलाव, तवाबी आमच्या घरचं पानी घेतलं न्हाई," बाणूबाई म्हणाली. "कामून? आमी मेंढरंवाले म्हणून व्हय?"

अंकुशराव चरकले. नको म्हणावं तर अपमान, मग आपलं ऐकणार कोण? प्यावं तर सिनेमा खोटा. त्यांनी खांद्यावरचं धुतलेलं उपरणं दुहेरी केलं, पेल्यावर धरलं आणि तांब्या हळूहळू ओतला. कापडावर बारीक ठिपके वळवळले. ते त्यांनी कंदिलापाशी नेऊन सगळ्यांना दाखवले, आणि डोळे मिटून पेला रिकामा केला.

"आगं बया, सायब तर एरंडेल घेतल्यावानी पियाले!" बाणूबाई हसली. "अन् येवढंच करायचं व्हय? मग उगं भिंतीयेवढा पाय कामून दावलाव?"

दोन वर्षांनी ते पुन्हा त्या गावात गेले. चिंधी बांधलेला पाय एकही दिसेना.

"नारू गेला, सायब," मेंढराच्या डोळ्याची घाण पदरानं पुसत बाणूबाई म्हणाली. "गाळल्याबिगर कुनी घोट घेईना. पिराप्पा तेवढा हिरमुसलाय, त्येचा पाय आता कोन बघंना." आणि तोच पदर दुहेरी करून तिनं पेल्यावर धरला, तांब्या ओतला, मोठ्या मानानं पेला पुढं केला.

अंकुशरावांच्या पोटातून काहीतरी थेट गळ्यापर्यंत आलं. समोर सगळं गाव टक लावून उभं. त्यांनी डोळे मिटले आणि ते गळ्यातलं आणि पेल्यातलं, दोन्ही एकदमच खाली ढकललं.

"नीट गाळलंय न्हवं?"

"नीट गाळलंय, अक्का," अंकुशराव म्हणाले, आणि डोळे न उघडता त्यांनी पेला पुन्हा पुढं धरला.