गाणं हातानंच लावायचं ठरलं

मंडळी, भिलाईतल्या मराठी घरांसाठी आम्ही चौघं इंटरनेट रेडिओ सुरू करून राहिलो, हे तुम्हाला ठाऊक आहे. आज दुपारी वैशाली नगरात माझ्या घरी त्याची चाचणी होती.

सॉफ्टवेअर मीच निवडलं होतं. पाच सेकंद आवाज आला नाही, की ते आपोआप गाणं लावतं. रेडिओवर शांतता कशाला, असं मला वाटायचं.

पहिल्या पाहुण्या दुर्गच्या सिंधूकाकू. नवरा रेल्वेत होता, सारा संसार इकडेच झाला. त्या एका भाजीची कृती सांगत होत्या. "माही माय ती अमारी... नाही, काय म्हणतेत आपल्यात..." अमारी हा छत्तीसगढी शब्द. मराठी शब्द त्यांना आठवेना, आणि तेवढ्यात गाणं सुरू झालं.

काकूंनी हेडफोन काढून ठेवला. "मले बंद केलं का रे? मंग मी हिंदीतच बोलतो. तिथं रुकाव लागत नाही."

ती सोय बंद करता येईना, म्हणून मी सॉफ्टवेअरच बदललं. हे नवं अगदी साधं आहे. गाणं हातानं लावावं लागतं, म्हणजे कोणालातरी समोर बसून ऐकावं लागतं.

काकूंनी पुन्हा हेडफोन लावला, आणि सांगता सांगता त्या त्याच जागी थांबल्या. मी गाण्याच्या बटणावरचं बोट उचललं. बराच वेळ गेला. मग त्या हसून म्हणाल्या, "अंबाडी."

घरी आई अशी अडखळली, की मी लगेच हिंदी शब्द पुरवतो. तुम्ही किती वेळ थांबता?