दारावरच्या मावशी आणि शेवट

त्या उपनगरी थिएटरात मावशी दारावर होत्या. सिनेमा संपायच्या जरा आधी बाहेरची दारं उघडून उभं राहायचं, ही त्यांची ड्यूटी. त्यामुळे उभ्या नोकरीत त्यांनी एकही शेवट पाहिला नाही. पुढे तिथं फर्निचरचं दुकान आलं, मग नाटकाचा क्लास. किल्ल्या मावशींकडेच राहिल्या.

आज दुपारी क्लासचं नाटक होतं. त्यात काम करणाऱ्या भाचीनं दटावलं, "मावशी, आज खुर्चीत बसायचं. दार कुणी पळवून नेत नाही!"

"बसते गं बाई. बघू तरी, शेवटी होतं काय ते!"

नाटकात भाची घर सोडायला निघाली होती. जाते की थांबते? मावशी डोळे फाडून बघत होत्या. भाचीनं पिशवी उचलली, संगीत चढलं आणि मावशींचे पाय आपोआप दाराकडे वळले. कडी निघाली, ऊन थेट रंगमंचावर.

"मावशी, दार!"

"अगं बाई!" मावशींनी जीभ चावत दार ओढलं. "ठेव पिशवी खाली, परत कर!"

हशा ओसरला. मावशी हात मांडीखाली दाबून बसल्या. भाचीनं पुन्हा पिशवी उचलली, रंगमंचावरचं दार उघडलं आणि निघून गेली.

"इश्श," मावशी म्हणाल्या, "शेवटी दारच उघडायचं होतं की!"