लाकूड गप्प होण्याआधी

गिरणीतली नोकरी सुटल्यावर मी सुतारकामावर परत आलो आणि दहिसरहून गोराईला एका मेस्त्रीच्या हाताखाली लागलो. वसईपासून वाकोल्यापर्यंत कितीतरी चर्चमध्ये त्याने कोरलेले क्रूस आणि संत आहेत. त्याची एक रीत होती. ओंडका आणला की तो रोज त्याला कान लावून बसायचा. वाळणारं लाकूड आतून टकटकतं. ते आठ दिवस गप्प राहिलं, की मगच पटाशी लावायची.

मी गेलो त्या सुमारास त्याचे कान गेले होते. हे फक्त मला माहीत होतं. मरियामातेच्या मूर्तीचं काम आलं तेव्हा कान लावायला त्याने मला बसवलं.

"गप झालं का रे?" तो रोज विचारायचा.

आदल्या वर्षी माझा गावचा गणपती चुकला होता. काम लांबलं असतं तर याही वर्षी चुकला असता. लाकूड अजून बोलत होतं. मी मान डोलावून म्हटलं, "झालं, मेस्त्री."

पुढचे तीन महिने भर दुपारी तो मूर्तीच्या गालाला गाल टेकवून कोरायचा आणि आतून टक, टक व्हायचं. जणू कुणी बोटं मोडतंय. तो शांतपणे पापणी कोरत राहायचा. मी ऐकत उभा.

गणपती करून परतलो तो चर्चच्या सणाला. प्रार्थनेच्या मध्येच फांदी मोडावी तसा आवाज झाला. मातेचा चेहरा कपाळापासून डाव्या डोळ्यातून हनुवटीपर्यंत उभा चिरला. मेस्त्रीने आवाज ऐकलाच नव्हता. सगळे आपल्याकडे का बघताहेत, हे त्याला कळेना.

म्हातारा दारू पिऊन मातेला हात लावत होता, असं गाव बोलू लागलं. त्याने मला कधी जाब विचारला नाही. "हात गेले माझे," एवढंच म्हणाला. पुन्हा पटाशी धरली नाही आणि दोन वर्षांत गेला. आजही तिथे त्याचं नाव निघालं की आधी ती चीर निघते.

गेल्या महिन्यात त्याच्या मुलीला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "मला एकटीला सांगून काय होणार, काका? देवळात येऊन सांगा."

रविवारी त्यांच्या चर्चमध्ये जाणार आहे. त्याचे हात शेवटपर्यंत चांगले होते, एवढं तरी त्या माणसांसमोर उभं राहून बोलायचं आहे.