जपानी बाईचं इंग्रजी

आमच्या आळीतला ठेकेदार दुबईहून जपानी गाडी घेऊन आला, तेव्हा तिच्यातून रस्ता सांगणारी एक बाईही आली. ती गाडीतल्या नकाशाच्या पडद्याआडून जपानीत बोलायची. महाडात तिचं एक अक्षरही कुणाला कळत नसे आणि ठेकेदाराचा मान त्यावरच वाढला होता. चवदार तळ्यापासून एसटी डेपोपर्यंत तो काचा खाली करून गाडी फिरवायचा. बाईचा आवाज सगळ्या बाजारपेठेला ऐकू गेला पाहिजे, एवढंच त्याचं काम असे.

पुढे मुलीला बघायला मुंबईचे पाहुणे यायचं ठरलं. शिकलेल्या माणसांपुढे बाईने इंग्रजी बोलावं, असं त्याच्या मनाने घेतलं. त्याने मुंबईहून कारागीर आणवला, बदललेल्या भाषेच्या नावाने गाडीपुढे नारळ फोडला आणि आळीत पेढे वाटले.

पाहुण्यांना पोलादपूरचं शेत दाखवायला निघालो तेव्हा मीही मागे बसलो होतो. गाव सुटताच बाईने स्वच्छ इंग्रजीत सांगितलं की या भागाचा नकाशा तिच्याकडे नाही. वळणावळणावर ती तेच सांगत राहिली.

"म्हणजे इतके दिवस ही हेच बोलत होती?" मुलाच्या वडिलांनी विचारलं.

"नाय हो," ठेकेदार म्हणाला, "जपानीत बरोबर सांगायची."

सोयरीक तरीही जमली. पाहुण्यांची पाठ वळताच त्याने कारागिराला पुन्हा बोलावून बाईला जपानीवर आणलं. दुसऱ्या दिवशी काचा खाली होत्या, आणि बाजारपेठ पहिल्यासारखीच आदराने ऐकत होती.