उतारावरचं खत

हॉस्पिटलच्या बागेचे मामा तीस वर्षं एकाच गोष्टीवर मिरवत आले होते, ती म्हणजे त्यांचं खत. कुजवलेलं, चाळलेलं, काळंभोर. रोप कुठलंही असो, मामा आधी दोन टोपल्या खत ओतणार आणि मग बोलणार. दारासमोरच्या कोरड्या उतारावर चिनी गुलाब लावायचा असं मेट्रनबाईंनी ठरवलं, तेव्हाही त्यांनी तेच केलं.

"मामा, ह्याला खत नको," बागेला पाणी घालणाऱ्या वहिनी म्हणाल्या. "माझ्या माहेरी हा खडीत येतो. जितकी आबाळ, तितकी फुलं."

"माहेरचं शहाणपण पाइपापुरतं ठेवा."

वहिनींनी लावून उरलेले शेंडे गोळा केले आणि गटाराकडेच्या विटांच्या चुऱ्यात खोचून टाकले.

महिन्याभरात उतार हिरवागार झाला, पण फूल औषधाला नाही. मग दोन जोरदार सरी पडून गेल्या आणि सगळी रोपं बुडाशी लिबलिबीत झाली. मेट्रनबाईंनी जाब विचारला तो नेमका ड्यूटी बदलताना, दारात पंधरा-वीस माणसं असताना.

"ह्यांच्या हातातून पाइप सुटत नाही," मामांनी सरळ वहिनींकडे बोट दाखवलं. "कुजवलं सगळं."

"मी तिथे थेंबही घातलेला नाही," वहिनी म्हणाल्या. मामांचा शब्द तीस वर्षांचा, त्यांचा दोन वर्षांचा. सोमवारपासून त्यांची रवानगी धुलाईच्या खोलीत झाली.

कुजकी रोपं उपटताना मामांच्या हाताला खरं काय ते कळलं. वरची माती कोरडी ठणठणीत आणि खाली खत ओल्या फडक्यासारखं. मुठीत दाबलं तर पाणी गळत होतं. चार पावलांवर, विटांच्या चुऱ्यात, दहाच्या उन्हात गुलाबी-केशरी फुलं नुसती उसळली होती.

"शेवटी जमवलंत की मामा," मेट्रनबाई जाताजाता त्या फुलांकडे बघून म्हणाल्या.

"हो," मामा म्हणाले.

त्या एका हो-ने त्यांचं जेवण गेलं. डबा उघडला, पुन्हा लावला आणि ते धुलाईच्या खोलीच्या दारात जाऊन उभे राहिले.

"वहिनी, चूक माझी होती. खतानं पाणी धरलं."

वहिनींनी चादर पिळणं थांबवलं नाही. "ते मला तेव्हाच माहीत होतं. मला कशाला सांगता? दारात बोललात, दारात सांगा."

त्या "असू दे" म्हणतील आणि गुपचूप मिटेल, एवढ्यासाठीच आपण इथवर आलो, हे मामांना तिथेच उमगलं. मान वर करून बघायची सोय उरली नाही.

दुसऱ्या दिवशी ड्यूटी बदलताना ते उतारावरचं खत टोपलीत भरत बसले. येणारा-जाणारा थांबणारच.

"मामा, तुम्ही आणि खत काढताय?"

"मीच घातलं होतं. वहिनी नको म्हणत होत्या. रोपं मी कुजवली."

अकरा वेळा सांगून झालं. एकदाही ते सोपं गेलं नाही. उलट आवाज दर वेळी आणखी खाली गेला. बाराव्या मेट्रनबाई होत्या.

"काल मी हो म्हणालो," मामा टोपलीकडे बघत पुटपुटले. "ती चुऱ्यातली फुलंही वहिनींचीच आहेत."

उताराकडे तोंड असलेली धुलाईच्या खोलीची खिडकी उघडली.

"मोठ्यानं बोला, मामा," वहिनी आतून म्हणाल्या. "इथे मशीन चालू आहे."

मामा उठून उभे राहिले आणि सगळं पहिल्यापासून, मोठ्यानं सांगू लागले.