मुंडकी मोजणारी सरपंच

यंदा कौसल्याबाई मारकड पंचायत समितीवर निवडून गेल्या, तेव्हा इंदापुरात त्यांच्यावर जेसीबीतून फुलं उधळली. दुसऱ्या दिवशी एका पेपरात मथळा आला, ‘आरक्षणाने उजळले नशीब’. मी चहा अर्धा टाकून उठलो. नशीब कसलं डोंबलाचं. त्या सरपंच होत्या तेव्हा त्यांच्या गावचा ग्रामसेवक मी होतो. गाव मला भाऊसाहेब म्हणायचं. त्या बाईनं काय केलं ते मी डोळ्यांनी पाहिलंय, आणि सुरुवातीला त्यांच्या वाटेत मीच आडवा होतो, हेही सांगून टाकतो.

गाव पळसदेवच्या पुढं, उजनीच्या पाण्याला लागून. पाण्याकडच्या अंगाला ऊस, माळाकडच्या अंगाला वस्ती. कौसल्याबाई वस्तीवरच्या. माहेर वडगाव निंबाळकरच्या बाजूचं. लहानपण बापाच्या मेंढरांमागं रानोमाळ गेलं, शाळा चौथीपर्यंत. सासरी मेंढरं जाऊन म्हशी आल्या होत्या. बचत गटामुळं घरोघरच्या बायका ओळखीच्या. सरपंचपद बाईसाठी राखीव निघालं आणि त्या थेट लोकांतून निवडून आल्या. उपसरपंच युवराजराव. त्यांच्या घरानं दोन पिढ्या गाव चालवलेलं. त्यांचा हिशेब साधा होता, बाई सही करील, कारभार आपण बघू.

ग्रामसभेला गणपूर्तीसाठी शंभर माणसं लागत. येत दहा-पंधरा. मग मी रजिस्टर काखेत मारून घरोघर फिरायचो. गडी सही करायचे. बायका चुलीपुढून उठून अंगठा द्यायच्या आणि परत भाकरी थापायला बसायच्या. कशावर दिला, हे त्या विचारत नसत आणि मीही सांगत नसे. संध्याकाळपर्यंत कागदावर झकास ग्रामसभा व्हायची.

कौसल्याबाईंच्या पहिल्या सभेला चौदा माणसं आली. मी सवयीनं रजिस्टर उचललं.

“कुठं निघालात, भाऊसाहेब?”

“सह्या आणतो.”

“जी माणसं हितं न्हाईत, त्यांच्या?”

“अशीच पद्धत आहे, बाई.”

त्यांनी माझ्या काखेतलं रजिस्टर काढून घेतलं. “आमच्यात मेंढरं कोंडताना सह्या न्हाय घेत. मुंडकी मोजत्यात.”

सभा तहकूब झाली. पुढचीही झाली, तिसरीही. गावानं त्यांना नाव ठेवलं, ‘तहकूब सरपंच’. चहाच्या टपरीवर मीही हसलो. मनात म्हटलं, चार महिन्यांत ही बाई रडत येईल आणि म्हणेल, फिरवा तुमचं रजिस्टर.

ती आली नाही. ती डेअरीवर गेली. गावात सगळ्या बायका रोज न चुकता येतात अशी जागा एकच, दूध घालायची. कौसल्याबाई पहाटेपासून तिथं उभ्या राहायच्या आणि सभेत काय निघणार ते एकेकीला सांगायच्या. चौथी सभा त्यांनी सकाळचं दूध घालून झाल्यावर डेअरीच्या पटांगणातच लावली. स्वतः बोट रोखून मोठ्यानं मोजलं. एकशे सव्वीस.

त्या दिवशी पहिला प्रश्न माझ्यावरच आला. वस्तीवर नळ का नाही? मी जुने ठराव काढले. वस्तीवर नळ पोचल्याचं गावानं दोन वर्षांपूर्वीच कबूल केलेलं, आणि खाली अंगठे त्याच बायकांचे. मी ते सगळं वाचून दाखवलं. कुणी मला शिवी दिली नाही. दिली असती तर बरं वाटलं असतं. वर्षाच्या आत वस्तीवर पाणी आलं, कारण कौसल्याबाई दर सोमवारी तालुक्याच्या ऑफिसात जाऊन बसत आणि मला सोबत बसवत.

मग गायरानाचं निघालं. युवराजरावांना तिथं मंगल कार्यालय बांधायचं होतं. सभेनं हात वर करून नाही म्हटलं. युवराजरावांना ते फार लागलं. त्यांनी सदस्य फिरवले आणि कौसल्याबाईंवर अविश्वास आणला. सदस्यांत ठराव पास झाला. पण थेट निवडलेल्या सरपंचाच्या बाबतीत शेवटचा शब्द गावाचा असतो, गुप्त मतदानानं. तारीख पडली ती नेमकी कांदा काढणीत. एक दिवसाची मजुरी कोण बुडवणार, म्हणून युवराजराव निवांत होते. त्यात दुसरी भानगड अशी, की बाई हवी असेल त्यानं ‘नको’वर शिक्का मारायचा, कारण मत ठरावावर होतं. हे समजावता समजावता कौसल्याबाईंचा घसा बसला.

आदल्या दिवशी त्या ऑफिसात आल्या. “भाऊसाहेब, पडले तर पडले. पर रिकाम्या पटांगणात पडायचं न्हाय मला.”

सकाळी नऊला डेअरीच्या पटांगणात युवराजरावांची दोनशे माणसं, इस्त्रीच्या कपड्यांत. बाई एकही नाही. कौसल्याबाई कोपऱ्यात खुर्चीवर, पदर बोटाला गुंडाळत, नजर रस्त्यावर. साडेनऊ झाले. युवराजराव माझ्याकडं बघून हसले.

पावणेदहाला ट्रॅक्टर आला. ट्रॉलीत बायका उभ्या, हातात खुरपी, लुगड्यांना माती. त्यामागं दुसरा ट्रॅक्टर. त्यामागं चालत वस्ती. “आधी मत, मग उरलेला कांदा,” रेश्मा नावाची बचत गटातली पोरगी मला म्हणाली. मतदान घ्यायला तालुक्याहून आलेल्या साहेबांनी खुरपी बाहेर ठेवायला लावली, तर दाराशी ढीग झाला. सगळं पटांगण कांद्याच्या वासानं भरलं. कौसल्याबाई उठल्या आणि ओठ हलवत मोजू लागल्या. शंभरानंतर त्यांनी मोजणं सोडलं, कारण डोळ्यांतून पाणी यायला लागलं होतं.

ठरावाच्या बाजूनं दोनशे चौदा. ठराव नको म्हणणारे तीनशे नव्वद. साहेबांनी आकडा दोनदा वाचला. युवराजराव चपला शोधत राहिले.

इतिवृत्तावर हजर असलेल्यांच्या सह्या घ्यायच्या राहिल्या होत्या. मला वाटलं, कांदा टाकून आलेल्या बायका आता कशाला थांबतात. पण रांग लागली आणि ती डेअरीच्या गेटाबाहेर गेली. त्यात वस्तीवरच्या भामाबाई होत्या, पंच्याहत्तरीच्या, काठी टेकत आलेल्या. मी शाईचा पॅड पुढं केला आणि सवयीनं त्यांचा हात धरायला गेलो. त्यांनी हात मागं घेतला.

“थांबा भाऊसाहेब. आजवर तुमी घरी येऊन माझा अंगठा घेऊन जायचा,” त्या म्हणाल्या. “आज म्या सोता घेऊन आलेय.”