ऑर्लिन स्कारफोलचा गिळलेला प्रश्न

आमच्या नॉर्डबीत जादू कुठून येते, हे विचारायला बाहेरचाच माणूस लागतो. गावातल्यांना ठाऊक असतं, ती घशातून येते. जे बोलायचं होतं आणि गिळलं, त्याची वाफ होते. सकाळी जो तो किटली घेऊन सोसायटीच्या संकलन केंद्रावर जातो, किटलीत तोंड घालून उसासा सोडतो, आणि काउंटरवरची आर्दिस हौगेन त्याची फॅट काढते. हवेबद्दलची गिळलेली कुरकुर पाण्यासारखी पातळ. सासूला न दिलेलं उत्तर दाट, साय धरणारं. त्याच जोरावर मिनेसोटाच्या थंडीत रस्त्यावरचा बर्फ आपापला उठून कडेला जाऊन बसतो आणि गोठे उबदार राहतात.

माझी किटली मात्र जन्माची कोरडी.

"डोरीन, निदान नवऱ्याला तरी काही बोलायचं राहिलं असेल की गं!" आर्दिस म्हणायची.

"राहिलं होतं. न्याहारीला बोलून टाकलं."

आणि माझा शेजारी ऑर्लिन! अंगाने खांब, बोलण्यातही खांब. त्याची फॅट गावात सगळ्यांत जास्त. किटलीचं झाकण उघडलं की केंद्रातले दिवे भगभगायचे. तो काय गिळतो, हे शेंबड्या पोरालाही माहीत होतं. रोज सकाळी आर्दिससमोर उभं राहायचं, 'माझ्याशी लग्न कराल का' हे गिळायचं, आणि तिच्याच हातात किटली द्यायची. ती विधवा, तो बिनलग्नाचा, आड यायला दोघांत मांजरसुद्धा नव्हतं. पण अर्ध्या गावाचा बर्फ त्याच्या घशावर हलत होता ना!

या हिवाळ्यात आर्दिसने सांगून टाकलं, तळं वितळलं की ती बहिणीकडे ॲरिझोनाला जाणार. कायमची.

मी कुंपणावरून ओरडले, "अरे खांबा, आता तरी विचार!"

"बर्फाचं काय?"

"फावडं नावाची एक वस्तू असते."

हे चेअरमन रुस्तादच्या कानावर गेलं. (कुणी घातलं, ते विचारू नका.) तो घरच्या बिस्किटांचं ताट घेऊन ऑर्लिनकडे आला. "आमचं काही म्हणणं नाही हं. वसंतापर्यंत थांबलास तर बरं, एवढंच. शेवटी तुझी मर्जी." आमच्याकडे याहून मोठी धमकी नसते.

तरी ऑर्लिनने विचारलं. रविवारी, चर्चच्या तळघरात, कॉफीच्या वेळी. शब्द बाहेर पडत गेले तसे दिवे मंदावत गेले. आर्दिस कानापर्यंत लाल झाली आणि म्हणाली, "छे छे, तुम्हाला उगाच त्रास."

आता आमच्यात कॉफी विचारा नाहीतर पोटच्या पोरासाठी मूत्रपिंड विचारा, दोनदा नको म्हणायचं आणि तिसऱ्यांदा घ्यायचं, ही रीत. पण या गड्याचा जन्मभराचा दम एका वाक्यात संपलेला. "बरं मग," म्हणाला, टोपी घातली, घरी गेला.

दुसऱ्या सकाळी आर्दिसने स्वतःच्या किटलीत उसासा सोडला. न दिलेला होकार होता तो! रस्त्यावरचा बर्फ उठला तो थेट शेजारच्या गावात जाऊन बसला. गोठ्यात गाई घामाघूम.

"काय फॅट! काय फॅट!" रुस्ताद नाचायचाच बाकी होता. त्याने लगेच ऑर्लिनची किटली घरून न्यायची सोय केली. दोघं समोरासमोर यायलाच नकोत. आर्दिस सामान बांधू लागली.

मी ऑर्लिनला गाठला. "तुला कुणी लेफ्सेची पोळी घेतोस का विचारलं तर आधी काय म्हणतोस?"

"नको म्हणतो."

"आणि हवं असतं?"

"असतं."

बाही धरून केंद्रावर नेला त्याला. त्याने पुन्हा विचारलं. आर्दिस म्हणाली, "नको हो, खरंच. तुमची गैरसोय."

रुस्ताद मध्ये घुसला. "झालं तर! दोनदा नाही म्हणाल्या. आता आग्रह बरा दिसत नाही, ऑर्लिन."

ऑर्लिनचा कंठमणी खाली सरकू लागला. डोक्यावरचा दिवा उजळू लागला.

"गिळलंस तर याद राख!" मी किंचाळले.

कंठमणी थांबला. मग वर आला. "थोडंसं तरी?" ऑर्लिन म्हणाला. "थोडंसं लग्न तरी?"

"बरं, तुम्ही एवढा आग्रह करताय तर," आर्दिस म्हणाली, "अगदी थोडंसं."

आणि अंधार. बाहेर धप्प झालं. शेजारच्या गावात बसलेला बर्फ परत आला होता.

दोघं छान आहेत. सकाळी एकमेकांना आग्रह करकरून न्याहारी करतात, दुपार होते. गावाने काही दिवस फावडी मारली. मला कुणी एका शब्दाने बोललं नाही. दारावरून जाताना ओठ मिटून हसायचे, "हवा बरी आहे नाही, डोरीन?" म्हणायचे, आणि तडक केंद्रावर जायचे. रुस्तादची किटली आता दोघांना उचलावी लागते. फॅट काढता काढता आर्दिसचे हात दुखतात.

बर्फ पुन्हा आपापला हलतो. फक्त हल्ली रस्त्याच्या कडेला बसत नाही. साऱ्या गावाचा मिळून माझ्या दारात येऊन बसतो.